पटावरच्या गप्पा: "सर, दिव्या एका स्पर्धेत जीएम झाली, मग आमची पोरगी कधी?"

2025 च्या जुलैत आपल्या नागपूरच्या दिव्या देशमुखनं बुद्धिबळाचा महिला विश्वचषक जिंकला, त्यातूनच ग्रँडमास्टर (जीएम) हा खेळातला सगळ्यात मोठा किताब मिळवला, आणि या सदराला येणाऱ्या प्रश्नांचा रंगच बदलून गेला. आधी लोक विचारायचे घोड्याची चाल लहान पोराला कशी समजवायची, पोरगा हरला की रडतो काय करू, असलं काहीबाही. आता दहातले आठ प्रश्न ग्रँडमास्टर या एकाच शब्दाभोवती फिरून राहिले. जे बाप आधी फक्त फी किती एवढंच विचारायचे ते आता क्लासच्या दारात गाडी बंद न करता नॉर्म म्हणजे काय जी असं विचारतात. म्हणून यावेळी सगळे तसलेच प्रश्न एकत्र घेतलेत. पत्रं थोडी कापलीत, नावं नेहमीसारखीच छापली नाहीत, फक्त वस्ती दिली आहे.

प्रश्न: नमस्कार सर. माझी मुलगी 9 वर्षांची आहे, दोन वर्षांपासून खेळते, रेटिंग 1510 आहे. घरी सगळे म्हणून राहिले की दिव्या देशमुख एका स्पर्धेत ग्रँडमास्टर झाली, मग हिलाही एखाद्या मोठ्या स्पर्धेत टाका. खरंच असं एका स्पर्धेत होता येतं का? नाही तर साधारण किती वर्षं धरून चालायचं?
– एक आई, मनीषनगर

उत्तर: ताई, रेटिंग म्हणजे निकालांवरून काढलेला ताकदीचा आकडा, आणि 9 व्या वर्षी 1510 म्हणजे पोरगी चांगली खेळते, यात वादच नाही. पण हरभऱ्याच्या झाडावर चढवायचं काम मी करत नाही म्हणून एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. मार्च 2024 मध्ये फिडेनं, म्हणजे बुद्धिबळाच्या जागतिक संघटनेनं, 2000 च्या खालची सगळी रेटिंग एका झटक्यात वर उचलली आणि तळाची रेघ 1400 वर आणून ठेवली, त्यामुळे आजचं 1510 जुन्या हिशेबानं साधारण 1180 च्या घरात जातं. यात तुमच्या मुलीचं काही कमी होत नाही, फक्त शेजारच्या दादाच्या 2019 च्या 1500 शी तुलना करू नका, आणि फॅमिली ग्रुपवर कोणी "आता फक्त हजार पॉइंट राहिले" असं टाकलं तर अंगठ्याची इमोजी टाकून गप बसा.

आता मुद्द्याचं. एका स्पर्धेत जीएम होता येतं का? येतं ना. पण ती स्पर्धा जिंकावी लागते, नुसतं "टाकून" होत नाही. महिला विश्वचषक जिंकणाऱ्या खेळाडूला फिडे थेट ग्रँडमास्टर किताब देते, नॉर्मबिर्म (ते काय असतं ते पुढे सांगतो) काही विचारत नाही. ही स्पर्धा जॉर्जियातल्या बाटुमीला झाली, 107 खेळाडू, हरली की घरी असा नॉकआउट मामला आणि चालली तीन आठवडे. दिव्याला मानांकन होतं 15 वं, म्हणजे कागदावर तिनं फायनलला यायचं काही कारणच नव्हतं. चौथ्या फेरीत तिनं चीनच्या झू जिनरला काढलं जी दुसरी मानांकित, मग आपल्याच द्रोणावल्ली हरिकाला, मग सेमीफायनलला तान झोंगयीला, जी आधी जगज्जेती होऊन गेलेली. आणि फायनलला समोर कोण, तर कोनेरू हम्पी. हम्पी तेव्हा 38 ची, दिव्या 19 ची, बरोबर दुप्पट. हम्पी ग्रँडमास्टर झाली 2002 मध्ये आणि दिव्याचा जन्मच डिसेंबर 2005 चा, म्हणजे ही जन्मायच्या आधीपासून ती किताब घेऊन बसलेली बाई. क्लासिकलचे, म्हणजे लांब वेळेचे, दोन्ही डाव बरोबरीत सुटले, त्यातल्या पहिल्यात दिव्याकडे चांगली संधी होती ती हुकली, आणि ते बघताना मी चहाचा कप असा आपटला की बायको आतून विचारत आली काय फुटलं म्हणून. 28 जुलैला बरोबरी फोडायला रॅपिडचे, म्हणजे कमी वेळेचे, टायब्रेक डाव. पहिला ड्रॉ. दुसऱ्यात दिव्या काळ्या मोहऱ्यांनी, घड्याळ संपत आलेलं, त्या घाईत हम्पीच्या हातून चूक झाली आणि दीड-अर्ध्यानं विश्वचषक नागपूरला आला. संपल्यावर ती आईच्या गळ्यात पडून रडली तो व्हिडिओ तर तुम्ही पाहिलाच असेल. एका स्पर्धेत तीन गोष्टी झाल्या बघा, विश्वचषक, 2026 च्या महिला कॅन्डिडेट्सची (जगज्जेतीला आव्हान कोण देणार ते ठरवणारी स्पर्धा) जागा आणि ग्रँडमास्टर किताब. भारताची ती 88 वी ग्रँडमास्टर, आणि बायकांमध्ये हम्पी, हरिका, वैशाली यांच्यानंतर चौथीच.

आणि गंमत म्हणजे त्याआधी तिच्याकडे जीएमचा एकही नॉर्म नव्हता! स्पर्धेच्या आधी डोक्यात हेच होतं की नॉर्म कुठे मिळेल, असं तिनंच नंतर सांगितलं.

पण ते "एका स्पर्धेत" मला खटकतं म्हणून थोडं ताणतो. 2022 ला राष्ट्रीय महिला विजेती. 2023 ला आशियाई महिला विजेती. 2024 ला 20 वर्षांखालच्या मुलींमध्ये जगज्जेती, त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिम्पियाडला (देशांच्या संघांची स्पर्धा) संघाचं सुवर्ण आणि तिसऱ्या पटावर 11 पैकी साडेनऊ गुण करून स्वतःचं वेगळं सुवर्ण. आईवडील दोघंही डॉक्टर, तरी पोरीसोबत परदेशात तीन तीन आठवडे हॉटेलात राहायला आई होती. पहिले कोच राहुल जोशी नागपूरचेच, ते 2020 मध्ये गेले, आणि कप घेऊन परत आल्यावर तिनं त्यांची आठवण काढली. आता हे सगळं मिळून "एक स्पर्धा" म्हणायची असेल तर म्हणा.

बाकी सगळ्यांना जी वाट चालावी लागते ती अशी. दोन गोष्टी लागतात, एकदा कधीतरी 2500 रेटिंगला पोचायचं आणि तीन नॉर्म, तिन्ही मिळून किमान 27 डावांचे. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत, सहसा 9 डावांत, 2600 च्या ताकदीचा खेळ करून दाखवणं. समोरच्यांची सरासरी 2380 असेल, जी कमीत कमी लागतेच, तर 9 पैकी 7 गुण. सरासरी 2600 असेल तर साडेचार पुरतात, पण 2600 वाल्यांकडून साडेचार काढणं म्हणजे काय ते विचारू नका. शिवाय समोर निदान तीन ग्रँडमास्टर हवेत आणि सगळे आपल्याच देशाचे चालत नाहीत. आता मला सांगा, सक्करदऱ्याच्या मंगल कार्यालयात रविवारी होणाऱ्या स्पर्धेत परदेशी ग्रँडमास्टर कुठून आणणार? म्हणून पोरं सर्बिया, हंगेरी, स्पेन करत फिरतात. नॉर्म अर्ध्या गुणानं हुकला की पुन्हा तिकीट, पुन्हा व्हिसा.

किती वर्षं, याचं उत्तर मी देणार नाही ताई, आणि जो कोच देईल त्याच्याकडून फी परत मागा. 9 व्या वर्षी एवढंच बघा की ती हरलेला डाव घरी येऊन पुन्हा मांडते का. मांडत असेल तर क्लासिकलच्या रेटेड स्पर्धा वर्षाला सात-आठ, एकच कोच, आणि मोबाईलवरचं एक मिनिटाचं खेळणं कमी. "मोठ्या स्पर्धेत टाका" म्हणणाऱ्यांना सांगा पुढच्या उन्हाळ्यात बघू, तोपर्यंत 1700 होऊ द्या.

प्रश्न: नागपूरच्या पाण्यात असं काय आहे हो की इथूनच ग्रँडमास्टर निघून राहिले?
– एक वाचक, त्रिमूर्तीनगर

उत्तर: पाण्यात काही नाही, उन्हाळ्यात तर पाणीच नसतं. पण योगायोग मजेदार आहे. रौनक साधवानी आणि दिव्या दोघंही नागपूरचे, दोघंही डिसेंबर 2005 चे, मध्ये फक्त 13 दिवसांचं अंतर, दिव्या 9 तारखेची आणि रौनक 22 ची. रौनक 2019 मध्ये 13 व्या वर्षीच ग्रँडमास्टर झाला, भारताचा 65 वा, आणि आयल ऑफ मॅनच्या ग्रँड स्विस या स्पर्धेत, जिथे जगातली मोठी फळी खेळत होती, त्याचं काम पूर्ण झालं. मग 2021 मध्ये संकल्प गुप्ता, 71 वा. मग दिव्या. तिघांची वाट बघा, एक लहानपणीच सुसाट, दुसऱ्यानं तिन्ही नॉर्म एका दमात उचलले, तिसरीनं नॉर्मच घेतले नाहीत. आता यातून "नागपूर पॅटर्न" काढणार कसा? लातूर पॅटर्नसारखं काही नाही यात.

हां, एक गोष्ट मात्र मानतो. आपल्या वयाचं, आपल्याच गावचं कोणीतरी समोरच्या टेबलावर बसून आपल्याला हरवतं याचा फायदा फार असतो. आमच्या वेळी असं कोणी नव्हतं, आम्ही पुस्तकं वाचायचो आणि महालातल्या काकांकडून मार खायचो.

प्रश्न: सर मी 19 वर्षांचा आहे, इंजिनिअरिंगला सेकंड इयर, रेटिंग 1840. सगळे म्हणतात बारा वर्षांची पोरं जीएम होतात, तुझं काही होणार नाही. खरंच उशीर झाला का? खोटं सांगू नका.
– हिंगणा रोड

उत्तर: खोटं नाही सांगत. बारा वर्षांची पोरं होतात हे खरंच आहे. अमेरिकेचा अभिमन्यू मिश्रा 2021 मध्ये 12 वर्षं 4 महिने 25 दिवसांचा असताना झाला, आपला गुकेश 2019 मध्ये 12 वर्षं 7 महिने 17 दिवसांचा होता, प्रज्ञानंद त्याच्या आदल्या वर्षी 12 वर्षं 10 महिन्यांचा. एकेकाळी बॉबी फिशर 1958 मध्ये 15 व्या वर्षी झाला तर जग हादरलं होतं, तो विक्रम 1991 मध्ये हंगेरीच्या ज्युडिट पोल्गारनं मोडेपर्यंत 33 वर्षं टिकला. आता तिथे महिने नाही, दिवस मोजून राहिले लोक.

पण दुसऱ्या टोकाकडेही बघ. आपल्या महाराष्ट्राचे पहिले ग्रँडमास्टर प्रवीण ठिपसे. जन्म 1959 चा, किताब 1997 चा, म्हणजे अडतिशीच्या आसपास. आनंद 1988 मध्ये देशातला पहिला झाला, 1991 मध्ये दिव्येंदू बरुआ, आणि तिसरे ठिपसे. तेव्हा चाली तपासणारं कॉम्प्युटर इंजिन नाही, डावांचा डेटाबेस नाही, परदेशातल्या डावांची पत्रिका पोस्टानं यायची. तरी माणूस वर्षानुवर्षं त्याच दाराशी उभा राहिला. आजच्या पोरांना हे सांगितलं की ते माझ्याकडे असे बघतात जसं काही मी टेलिग्रामच्या तारेबद्दल बोलतो आहे.

आणि संकल्प गुप्ताचं तर आपल्याच गल्लीतलं उदाहरण. तीन नॉर्म लोकांना तीन-चार वर्षं पुरतात, त्यानं लागोपाठ तीन स्पर्धा खेळून 24 दिवसांत तिन्ही घेतले, शेवटचा सर्बियात. तेव्हा तो 18 चा. पण त्याच्याआधी तो किती वर्षं खेळत होता ते कोणी छापत नाही, 24 दिवस छापतात.

आता तुझं. 1840 ला 19 व्या वर्षी जीएम होण्याची शक्यता फार म्हणजे फार कमी आहे, हे मी तुझ्या तोंडावर सांगतो. पण 2000 होणं शक्य आहे, 2200 ला कॅन्डिडेट मास्टर मिळतो तिथपर्यंत जाणं कष्टाचं पण वेड्यासारखं नाही. माझं स्वतःचं रेटिंग 1900 पुढे कधी गेलं नाही आणि मी तीस वर्षं याच खेळावर घर चालवून राहिलो. युनिव्हर्सिटीच्या संघात निवड झाली का तुझी? नसेल तर ते आधी कर, परीक्षा तिकडे बघून घेऊ.

प्रश्न: मी आठवीत आहे. बुद्धिबळात ताकद लागत नाही तर मग मुलींचं वेगळं टायटल कशाला? डब्ल्यूजीएम म्हणजे कमी जीएम का?
– नंदनवन

उत्तर: बेटा, तुझ्या प्रश्नावर मोठे मोठे लोक भांडतात. हिशेबानं सांगायचं तर हो, वुमन ग्रँडमास्टरला 2300 रेटिंग आणि 2400 च्या खेळाचे नॉर्म लागतात, जीएमला 2500 आणि 2600. म्हणजे इंटरनॅशनल मास्टरपेक्षाही थोडं खालीच पडतं ते. पण दिव्या आता नुसती ग्रँडमास्टर आहे, आधी 'वुमन' लावावं लागत नाही. जगात अशा बायका चाळिशीच्या थोड्याच वर आहेत. पहिली जॉर्जियाचीच होती, नोना गाप्रिंदाश्विली, 1978 मध्ये. जिच्या देशात हा किताब पहिल्यांदा बाईकडे गेला त्याच देशात दिव्याला मिळाला, हे मला फार आवडलं.

वेगळं टायटल कशाला, तर खेळणाऱ्या मुलीच इतक्या कमी होत्या की मधल्या पायऱ्या नसत्या तर अर्ध्या वाटेत सोडून गेल्या असत्या असं एक म्हणणं. दुसरं म्हणणं, या पायऱ्यांमुळेच मुली तिथे थांबतात. ज्युडिट पोल्गार दुसऱ्या बाजूची, तिनं महिलांच्या जगज्जेतेपदाकडे ढुंकूनही पाहिलं नाही, जवळजवळ सगळं आयुष्य पुरुषांशी खेळली आणि 2735 पर्यंत गेली. माझं मत विचारशील तर पायरी असू दे पण तिच्यावर बसून राहू नको. दिव्याही खुल्या गटात (मुलंमुली एकत्र) खेळते, 2025 च्या नोव्हेंबरला गोव्यात झालेल्या विश्वचषकात खेळली आणि पहिल्याच फेरीत हरली. त्यात काय, तिथे सगळे तगडे.

आणि एक गोष्ट तुला शाळेत कोणी सांगणार नाही म्हणून सांगतो. मुंबईच्या खाडिलकर बहिणी, वासंती, जयश्री, रोहिणी. 1974 ला पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा झाली ती वासंतीनं जिंकली. 1976 मध्ये रोहिणी 13 वर्षांची असताना पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळली, तर केवढा गदारोळ झाला, मुलगी पुरुषांत कशी म्हणून. तिच्या वडिलांनी थेट फिडेच्या अध्यक्षांपर्यंत प्रकरण नेलं. तेव्हा अध्यक्ष होते मॅक्स युवे, स्वतः माजी जगज्जेते, त्यांनी सांगितलं की बाई म्हणून कोणाला अडवता येणार नाही. तू आज नंदनवनच्या स्पर्धेत मुलांच्या शेजारी बसून खेळतेस ना, ते असं सुरू झालं.

प्रश्न: मुलगा 14 वर्षांचा, रेटिंग 2050. पुढच्या वर्षी दहावी. कोच म्हणतात शाळा बाजूला ठेवा, परदेशात दोन महिने पाठवा. मी बँकेत आहे, पगार बेताचा. ग्रँडमास्टर झाला तरी पोट भरतं का, हे स्पष्ट सांगावे.
– एक वडील, धरमपेठ

उत्तर: साहेब, तुम्ही बँकेत आहात म्हणजे जोखमीचं मला सांगायची गरज नाही. वरच्या दहा-वीस जणांचं सोडून द्या. गुकेश 2024 च्या डिसेंबरमध्ये सिंगापूरला डिंग लिरेनला साडेसात-साडेसहानं हरवून 18 व्या वर्षी जगज्जेता झाला, त्या सामन्याची एकूण रक्कमच 25 लाख डॉलर होती. दिव्याला बाटुमीचे 50 हजार डॉलर मिळाले आणि नंतर राज्य सरकारनं 3 कोटी दिले. ही नावं बघून हिशेब केला तर तो लॉटरीचं तिकीट बघून घराचं कर्ज काढण्यासारखा होईल.

देशात ग्रँडमास्टरांची संख्या आता नव्वदी ओलांडून गेली आहे. त्यातल्या मधल्या फळीचं कसं चालतं ते बघा. काहींना नोकरी असते, हम्पी ओएनजीसीत आहे, रेल्वेनं बऱ्याच जणांना घेतलं. काही युरोपातल्या लीगमध्ये, जर्मनीच्या बुंडेसलिगात वगैरे क्लबकडून खेळतात. आणि बरेचसे शिकवतात. शिकवणं म्हणजे हरलेल्यांचं काम असं समजू नका हां. आपल्या अमरावतीचा स्वप्निल धोपाडे स्वतः ग्रँडमास्टर, आणि 2022 च्या चेन्नई ऑलिम्पियाडला भारताच्या ज्या दुसऱ्या महिला संघात दिव्या खेळली त्याचा तो कोच होता. त्याच ऑलिम्पियाडला रौनक, गुकेश, प्रज्ञानंद, निहाल, अधिबन यांचा संघ कांस्य घेऊन गेला. ऑनलाइन शिकवणी आली तेव्हापासून ग्रँडमास्टरला उपाशी मरायची वेळ येत नाही, एवढं नक्की. पण ते किताब मिळाल्यावर. मधली वर्षं तुमच्या खिशातून.

आणि 2050 ला दोन महिने परदेशात? काहून? नॉर्मसाठी 9 डावांत 2600 चा खेळ लागतो, 2050 चा पोरगा तिथे जाऊन फक्त तिकिटाचे पैसे आणि रेटिंग दोन्ही घालवून येईल. तो 2300 ला पोचू द्या, मग बघा. तोवर पुणे, मुंबई, गुजरात, चेन्नई इथल्या खुल्या स्पर्धांतच भरपूर तगडे खेळाडू मिळतात, स्लीपरच्या तिकिटात. मला स्वतःला विशीत एका क्लासवाल्यानं असंच मोठं स्वप्न विकलं होतं, वडिलांनी प्रॉव्हिडंट फंडातून पैसे काढले होते, परत आलो तेव्हा रेटिंग 60 नं कमी आणि घरात महिनाभर कोणी बोलत नव्हतं. म्हणून एवढं कडक लिहितो.

दहावी सोडू नका. राज्य किंवा राष्ट्रीय पातळीवर खेळला तर बोर्डात क्रीडा गुण मिळतात, पुढे राज्य सरकारच्या नोकरीत खेळाडूंना 5 टक्के आरक्षण आहे. फक्त स्पर्धा मान्यताप्राप्त लागते आणि प्रमाणपत्राची पडताळणी होते, तेव्हा प्रत्येक सर्टिफिकेट नीट फाइलला लावा, माझ्या एका विद्यार्थ्याचं पावसात भिजलं तर त्याला दोन वर्षं चकरा माराव्या लागल्या.

प्रश्न: एकदा ग्रँडमास्टर झाला की कायमचा का? रेटिंग पडलं तर काढून घेतात का?
– जरीपटका

उत्तर: कायमचा. 2500 चं 2200 झालं तरी नावापुढे जीएम राहतंच. पण चोरी केली तर जातं. लॅटव्हियाचा इगोर्स राउसिस, पन्नाशी उलटल्यावर त्याचं रेटिंग धडाधड वर जाऊन जवळपास 2700 ला पोचलं, लोकांना संशय होताच, 2019 मध्ये स्ट्रासबर्गच्या स्पर्धेत संडासात मोबाईलसकट सापडला. फिडेनं किताब काढून घेतला आणि सहा वर्षांची बंदी. तेव्हा स्पर्धेत मोबाईल बाहेर ठेवायला सांगितलं की तोंड वाकडं करू नका.

प्रश्न: मी निवृत्त शिक्षक, वय 71. आमच्या लहानपणी आजोबा देशी पद्धतीनं खेळायचे, प्यादं एकच घर जायचं, किल्लेकोट नव्हता, राजा एकदा घोड्यासारखी उडी मारायचा. नातू म्हणतो आजोबा हे चुकीचं बुद्धिबळ आहे. अशा खेळातून कोणी ग्रँडमास्टर झाला का कधी?
– कामठी

उत्तर: गुरुजी, नातवाला सांगा झाला. आणि कसा झाला तेही सांगा.

पंजाबातला मीर सुलतान खान. देशी पद्धतीनंच वाढलेला, प्यादं एक घर, शेवटच्या घरात गेलं की ज्या उभ्या रांगेत गेलं त्याच रांगेचं मोहरं व्हायचं, सगळं तुमच्या आजोबांसारखंच. साहेबी नियम तो वयाच्या विशीत शिकला. सर उमर हयात खान नावाच्या जमीनदारासोबत 1929 मध्ये विलायतेत गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश चॅम्पियन झाला. मग 1932 ला पुन्हा, 1933 ला पुन्हा. हेस्टिंग्जला 1930-31 च्या स्पर्धेत त्यानं कापाब्लांकाला हरवलं, कापाब्लांका म्हणजे माजी जगज्जेता, ज्याच्याविरुद्ध ड्रॉ झाला तरी लोक घरी फ्रेम लावायचे. ओपनिंगमध्ये तो कच्चा होता, कारण देशी खेळात सुरुवात सावकाश असते, पण डावाच्या शेवटी माणूस भारी. 1933 मध्ये मालकासोबत परत आला आणि मोठ्या खेळातून जवळजवळ गायबच झाला. 1966 ला वारला. ग्रँडमास्टर किताब फिडेनं रीतसर सुरू केला 1950 मध्ये, पहिल्या यादीत 27 जण, त्यात जाक मिझेस नावाचे 85 वर्षांचे आजोबाही होते, पण सुलतान खानचं नाव नव्हतं. शेवटी 2024 मध्ये, मरून 58 वर्षं झाल्यावर, फिडेनं त्याला मानद ग्रँडमास्टर केलं.

म्हणजे गुरुजी, 71 हे काही वय नाही, मिझेस 85 चे होते. नातवाला घेऊन एखाद्या रविवारी सकाळी या, तर्री पोह्याचं माझ्याकडे लागलं. त्याला सांगा, पहिला डाव तुमच्या आजोबांच्या नियमानं, प्यादं एकच घर आणि राजाची ती एक उडी, आणि घड्याळ लावायचं नाही. दुसरा त्याच्या नियमानं. मी बसतो बाजूला, स्कोअर लिहायला.